शर्यतीत नसलेला जिल्हा

हिंगोलीहून वाशीमकडे निघाले की कनेरगाव नाक्याजवळ पैनगंगा लागते. अलीकडे हिंगोली जिल्हा, पलीकडे वाशीम. दोन्ही काठांवर सोयाबीन तेच, तूर तीच, आणि पावसाने ओढ दिली की पडणारे चेहरेही सारखेच. दोन्ही जिल्हे वयानेही जवळपास बरोबरीचे. वाशीम १९९८ साली अकोल्यातून वेगळा झाला, हिंगोली १ मे १९९९ रोजी परभणीतून. जानेवारी २०१८ मध्ये मात्र सरकारी कागदावर या दोन काठांची ताटातूट झाली. निती आयोगाच्या ‘आकांक्षित जिल्हे’ कार्यक्रमात महाराष्ट्रातून नंदुरबार, गडचिरोली, वाशीम आणि उस्मानाबाद (आताचे धाराशिव) हे चार जिल्हे निवडले गेले. हिंगोली त्यात नव्हता.

आता दुसरा एक तक्ता पाहावा. राज्य सरकारसाठी ‘यशदा’ या संस्थेने तयार केलेल्या २०१२ च्या मानव विकास अहवालात २०११ सालचे जिल्हानिहाय निर्देशांक आहेत. राज्याची सरासरी ०.७५२. तळापासून मोजत गेले तर नंदुरबार ०.६०४, गडचिरोली ०.६०८, वाशीम ०.६४६, हिंगोली ०.६४८ आणि उस्मानाबाद ०.६४९. म्हणजे तळाच्या पाच जिल्ह्यांतले पहिले तीन घेतले गेले, पाचवा घेतला गेला आणि चौथा राहिला. यात कोणाचे कारस्थान शोधण्याचे कारण नाही. निती आयोगाचे निकष वेगळे होते, आकडे वेगळ्या पाहणीतून आले होते. पण नेमकी हीच गोष्ट काळजीची आहे. एका फुटपट्टीने मोजले तर जिल्हा तळाशी, दुसरीने मोजले तर यादीबाहेर. आणि फुटपट्टी कोणती घ्यायची हे ठरवताना हिंगोलीतल्या कोणालाही विचारलेले नसते.

यादीत असण्याने काय बदलते? आकांक्षित जिल्ह्याची ४९ निर्देशकांवर मोजणी होते. त्यात आरोग्य-पोषणाला ३० टक्के वजन, शिक्षणाला ३० टक्के, शेती आणि पाण्याला २० टक्के. दर महिन्याला किती सुधारणा झाली यावर क्रमवारी लागते. दिल्लीतला एक वरिष्ठ अधिकारी ‘प्रभारी’ म्हणून जिल्ह्याला जोडलेला असतो. क्रमवारीत पुढे गेले तर कोट्यवधींचा जादा निधी मिळतो. साहजिकच जिल्हाधिकाऱ्यांच्या बैठकीत त्या ४९ गोष्टी आधी येतात. गर्भवतींची नोंदणी, लसीकरण, जनधन खाती, मृदा आरोग्य पत्रिका. हे सगळे चांगलेच आहे. पैनगंगेच्या अलीकडच्या गावांतही या गोष्टी होतात, पण त्यांचा दर महिन्याला दिल्लीला हिशेब द्यायचा नसतो, आणि ज्या कामाचा हिशेब कोणी मागत नाही ते सरकारी कार्यालयात कुठे जाऊन बसते हे मराठवाड्यातल्या माणसाला वेगळे सांगायला नको.

निर्देशांक हा आता नुसता आकडा राहिलेला नाही. तो निधी वळवतो, अधिकाऱ्यांचा वेळ वळवतो आणि कायदाही बदलतो.

कायदा बदलण्याचे सर्वांत ठळक उदाहरण हिंगोलीच्या हळदीच्या बाजारापर्यंत येऊन पोचते. जागतिक बँक २००३ पासून ‘डुइंग बिझनेस’ नावाचा अहवाल काढत असे. कोणत्या देशात व्यवसाय करणे किती सोपे, याची ती क्रमवारी. २०१४ साली भारत त्यात १४२ वा होता आणि पहिल्या पन्नासांत जायचे असे केंद्र सरकारने ठरवले. त्यानंतर कायद्यांची रांग लागली. २०१५ च्या कंपनी कायद्यातील दुरुस्तीने खासगी कंपनीसाठी किमान एक लाख भांडवलाची अट गेली, कंपनीच्या मोहरेची सक्ती गेली. २०१६ मध्ये दिवाळखोरी संहिता आली. करार अंमलात आणायला भारतात सरासरी १,४४५ दिवस लागतात आणि या बाबतीत देश १६३ वा आहे, असे बँकेचा अखेरचा अहवाल सांगत होता. त्या दुखण्यावर औषध म्हणून व्यापारी न्यायालयांचा कायदा आधीच आला होता. २०१५ च्या मूळ कायद्यात एक कोटी रुपयांपासूनचे वाद होते. २०१८ च्या दुरुस्तीने ही मर्यादा थेट तीन लाखांवर आली. त्या दुरुस्तीच्या उद्देशांच्या निवेदनात जागतिक बँकेच्या अहवालातील भारताचा क्रमांक सुधारण्याची गरज स्पष्ट शब्दांत लिहिलेली आहे. संसदेपुढे आलेल्या विधेयकाने एका क्रमवारीचे नाव घेऊन स्वतःचे कारण सांगावे, ही साधी घटना नव्हे.

आता हिंगोलीच्या संत नामदेव हळद मार्केट यार्डातला एखादा व्यापारी डोळ्यापुढे आणावा. त्याने बाहेरगावच्या मसाला कारखानदाराला चार-पाच लाखांची हळद पाठवली आणि पैसे अडकले. पूर्वी हा साधा दिवाणी दावा झाला असता. आता तो ‘व्यापारी वाद’ ठरतो. तातडीचा मनाई हुकूम वगैरे नको असेल तर दावा दाखल करण्याआधी मध्यस्थीची पायरी चढावीच लागते. ही पायरी सक्तीची आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०२२ मध्ये ‘पाटील ऑटोमेशन’ प्रकरणात सांगितले. दावा उभा राहिला की प्रतिवादीला लेखी म्हणणे मांडायला जास्तीत जास्त १२० दिवस, त्यापुढे दार बंद. या तरतुदी वाईट आहेत असे नाही. थकलेल्या चुकाऱ्यासाठी वर्षानुवर्षे तारखा घेणाऱ्याला त्या दिलासाही देतील. पण ज्या पाहणीसाठी हे घडले, तिच्यात भारताच्या नावावर फक्त दिल्ली आणि मुंबई मोजली जात होती, दिल्लीला ५३ टक्के आणि मुंबईला ४७ टक्के वजन देऊन. हिंगोलीचा व्यापारी त्या मोजणीत कधीच नव्हता. त्याच्या गल्ल्यापर्यंत पोचलेला कायदा दोन महानगरांच्या वकिलांनी भरलेल्या प्रश्नावलीवरून निघाला होता.

मुंबईत झालेला बदलही असाच खाली उतरला. २०१७ च्या महाराष्ट्र दुकाने व आस्थापना कायद्याने दहापेक्षा कमी कामगार असलेल्या दुकानांची नोंदणीची अट काढली. आता केवळ कळवले की पुरे. ज्याला सगळा बाजार ‘गुमास्ता’ म्हणतो ते लायसन काढण्याची दगदग संपली. दुकानदाराला हायसे वाटले आणि ते रास्तच आहे. मात्र नव्या कायद्यातली कामाचे तास, साप्ताहिक सुट्टी यांची कलमे दहा किंवा अधिक कामगारांच्या दुकानांनाच लागू केली गेली. हिंगोली, वसमत, कळमनुरीच्या बाजारपेठेत किती दुकानांत दहा नोकर असतात? काऊंटरमागे उभा असलेला पोरगा व्यवसाय-सुलभतेच्या कोणत्याच रकान्यात नव्हता, कारण त्या क्रमवारीत नोकराच्या सुलभतेचा रकानाच नव्हता.

या क्रमवारीचे पुढे काय झाले तेही पाहिले पाहिजे. भारत १४२ वरून ६३ वर आला, त्याचा गाजावाजा झाला. पण याच क्रमवारीत चिलीचा क्रमांक एका राष्ट्राध्यक्षांच्या काळात घसरला आणि दुसऱ्यांच्या काळात सावरला. हा चढउतार प्रत्यक्ष बदलांपेक्षा मोजण्याच्या पद्धतीतल्या बदलांमुळे झाला, असे बँकेचेच मुख्य अर्थतज्ज्ञ पॉल रोमर यांनी जानेवारी २०१८ मध्ये सांगितले आणि त्याच महिन्यात पद सोडले. चीन, सौदी अरेबिया, संयुक्त अरब अमिराती आणि अझरबैजान यांच्या आकड्यांत फेरफार झाल्याचे नंतर आढळले. १६ सप्टेंबर २०२१ रोजी बँकेने अहवालच बंद केला. फुटपट्टी मोडीत निघाली. तिच्यासाठी केलेले कायदे मात्र जागेवर आहेत. हे कायदे आपल्या गरजेचे होते का, हा प्रश्न आपल्या विधिमंडळांत आणि संसदेत तेव्हाच सविस्तर विचारला जायला हवा होता.

आकड्यांना नावे ठेवणे सोपे आहे, पण महाराष्ट्राला तरी ते शोभणार नाही. आकड्यांवरून न्याय मागण्याची परंपरा याच मातीतली आहे. राज्यांना केंद्राचा पैसा कशाच्या आधारे द्यावा याचे सूत्र धनंजयराव गाडगीळांनी १९६९ साली दिले. लोकसंख्येला ६० टक्के वजन, उरलेले दरडोई उत्पन्न, करवसुलीचा प्रयत्न, मोठे पाटबंधारे-वीज प्रकल्प आणि विशेष अडचणींना. पुण्याच्या गोखले संस्थेत वि. म. दांडेकर आणि नीळकंठ रथ यांनी १९७१ मध्ये रोजच्या २,२५० उष्मांकांच्या हिशेबाने देशातले दारिद्र्य मोजून दाखवले. आणि १९८३ साली नेमलेल्या दांडेकर समितीने राज्यांतर्गत असमतोलाचे गणित मांडले. सिंचन, रस्ते, वीज, शिक्षण, आरोग्य, पाणीपुरवठा अशा क्षेत्रांत राज्याची सरासरी काढायची, जो जिल्हा तिच्या खाली तो किती खाली हे मोजायचे, आणि ती तूट भरून काढायला किती पैसे लागतील ते रुपयांत लिहायचे. तो आकडा निघाला ३,१८६ कोटी. पुढे निर्देशांक व अनुशेष समितीने १ एप्रिल १९९४ या दिवसाचा हिशेब केला, तेव्हा अनुशेष १४ हजार कोटींवर गेला होता.

या पद्धतीचा गाभा आजच्या क्रमवारीपेक्षा पूर्णपणे निराळा होता, आणि तो फरक आपण हरवून बसलो आहोत. अनुशेष म्हणजे देणे. राज्य मागास भागाचे किती लागते याचा तो हिशेब. त्याला घटनेच्या अनुच्छेद ३७१(२) चे पाठबळ होते, १९९४ पासून विदर्भ, मराठवाडा आणि उर्वरित महाराष्ट्रासाठी वैधानिक विकास मंडळे होती, निधीवाटपाबाबत राज्यपालांचे निर्देश होते. २००१ साली तेव्हाचे राज्यपाल पी. सी. अलेक्झांडर यांनी दिलेले निर्देश मराठवाड्यात आजही आठवले जातात. देणेकऱ्याला तुमचा क्रमांक कितवा हे विचारण्याचा अधिकार नसतो. क्रमवारीत उलटे होते. तिथे मागास जिल्हाच परीक्षार्थी असतो. नंदुरबारने गडचिरोलीला मागे टाकले तर बक्षीस नंदुरबारला. गडचिरोलीचे जे लागत होते त्याचे काय, हा प्रश्न पत्रिकेत नसतो.

हिंगोलीच्या नशिबी तर दोन्हीकडची उपेक्षा आली. अनुशेष मोजला गेला त्या १ एप्रिल १९९४ रोजी हा जिल्हा अस्तित्वातच नव्हता, तो परभणीच्या पोटात होता. परभणीच्या सरासरीत पूर्णा प्रकल्पाचे कालवे होते. वसमतच्या कालव्याखालची केळी-ऊस आणि सेनगावचे कोरडवाहू माळरान एकाच बेरजेत गेले. येलदरी जिल्ह्याच्या वेशीवर, सिद्धेश्वर औंढा तालुक्यात, इसापूर कळमनुरीच्या कडेला. एवढी धरणे उशाशी असून त्यांचे पाणी मुख्यतः परभणी, नांदेड, यवतमाळकडे जाते. धरण दिसते म्हणून सिंचन आहे असे समजणारा आकडा या भागाला कायम महाग पडला. जिल्हा वेगळा झाल्यावर सिंचन अनुशेषाची मागणी सुरू झाली आणि ती वर्षानुवर्षे चालू आहे. दरम्यान विकास मंडळांची मुदत ३० एप्रिल २०२० रोजी संपली. त्यांच्या पुनर्स्थापनेचा निर्णय राज्य मंत्रिमंडळाने घेतला तो सप्टेंबर २०२२ मध्ये, म्हणजे सव्वादोन वर्षांहून अधिक काळ लोटल्यावर. विजय केळकर समितीचा प्रादेशिक असमतोलावरचा अहवाल २०१३ पासून सरकारकडे आहे. ज्या चौकटीत मागास भाग हक्काने बोलू शकत होता ती मोकळी पडली, आणि तिच्या जागी आली ती महिन्याची गुणपत्रिका.

मोजणीत नाव आले तर किती फरक पडतो हेही याच जिल्ह्याने पाहिले आहे. शेतमजुरी, प्रति शेतकामगार उत्पादन आणि अनुसूचित जाती-जमातींची लोकसंख्या अशा निकषांवर नियोजन आयोगाने मागास जिल्हे काढले. २ फेब्रुवारी २००६ रोजी राष्ट्रीय रोजगार हमी ज्या पहिल्या २०० जिल्ह्यांत सुरू झाली, त्यांत महाराष्ट्राच्या बारा जिल्ह्यांमध्ये हिंगोली होता. मागास क्षेत्र अनुदान निधीतही होता. मानव विकास निर्देशांकाच्या आधारे राज्याने जे मिशन उभारले, ते २०११ पासून २२ जिल्ह्यांतल्या १२५ तालुक्यांत पोचले. त्याची सर्वांत ओळखीची खूण म्हणजे एसटीची निळी बस. सकाळी फाट्यावर दप्तरे घेऊन उभ्या असलेल्या आठवी ते बारावीच्या मुली आणि त्यांना फुकट शाळेत नेणारी ‘मानव विकास’. गावात सातवीपर्यंतच शाळा, पुढची शाळा आठ-दहा किलोमीटरवर, मधल्या रस्त्याने एकटी पोर पाठवायला आईबाप तयार नाहीत. एवढ्या कारणाने ज्या मुलींचे शिक्षण सुटायचे, त्यांच्यासाठी तालुक्याला पाच, पुढे सात गाड्या मिळाल्या.

या बसचे मोल कळायला आणखी एक आकडा जवळ ठेवावा लागतो. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या पाचव्या फेरीत (२०१९-२१) २० ते २४ वयोगटातल्या, वयाच्या अठराव्या वर्षाआधी लग्न झालेल्या स्त्रियांचे प्रमाण राज्यात २१.९ टक्के निघाले. हिंगोलीत ते एक तृतीयांशाहून जास्त होते. कुठलेही गाव आपल्या तोंडाने ही गोष्ट कबूल करत नाही. पाहणी झाली म्हणून ती बोलता आली. शाळेत पोचलेल्या मुलीचे लग्न लांबते हे सगळ्यांना ठाऊक आहे, तेव्हा फाट्यावर वेळेवर येणारी निळी बस हा बालविवाहाविरुद्धचा या जिल्ह्यातला सर्वांत भक्कम उपाय आहे, आणि तिची एकही फेरी रद्द होता कामा नये.

मात्र हे आकडे भरतो कोण? पहिला धोका इथेच आहे. २०२० मध्ये केंद्र सरकारने २९ जागतिक निर्देशांक निवडून ते वेगवेगळ्या मंत्रालयांना वाटून दिले. क्रमांक सुधारायचा तर माहिती हवी, आणि माहितीची साखळी शेवटी अंगणवाडीताईच्या मोबाईलपाशी येऊन थांबते. २०२३ च्या जागतिक भूक निर्देशांकात भारत १२५ देशांत १११ वा आला. उंचीच्या मानाने कमी वजनाची मुले १८.७ टक्के, असे त्या अहवालाने धरले. सरकारने उत्तर दिले की आमच्या ‘पोषण ट्रॅकर’ या ॲपवर हे प्रमाण आठ टक्क्यांच्याही खाली आहे. एक आकडा घरोघरच्या नमुना पाहणीतला, दुसरा अंगणवाडीत येणाऱ्या मुलांच्या वजनाचा. दोन्ही वेगळे असणारच. पण ज्या ट्रॅकरच्या भरवशावर देशाने जगाला उत्तर दिले, त्याची गावातली स्थिती काय होती? ऑगस्ट २०२१ मध्ये महाराष्ट्रभरच्या अंगणवाडी सेविकांनी सरकारी मोबाईल परत केले. फोन वारंवार बंद पडत होते आणि ॲप इंग्रजीत होते. रजिस्टरमध्ये ज्या बाईने वर्षानुवर्षे मराठीत मुलाचे नाव, वजन, उंची लिहिली, सॅम (तीव्र कुपोषित) कोण आणि मॅम (मध्यम कुपोषित) कोण हे जिला पोराकडे बघून कळते, तिला परक्या भाषेतल्या रकान्यांत त्याच पोराची भूक भरायला सांगितले गेले. तिने आंदोलन केले ते कामचुकारपणाने नव्हे. आकडा खरा असावा असे वाटणाऱ्या माणसाने असेच वागायला हवे होते.

दुसरा धोका वरून येतो. मोजणीवर बक्षीस आणि बोलणी दोन्ही अवलंबून असली की आकडा सुधारण्याचा सर्वांत सोपा रस्ता म्हणजे नोंद सुधारणे. २ ऑक्टोबर २०१९ रोजी देश हागणदारीमुक्त जाहीर झाला. त्याच सुमारास सुरू झालेल्या कुटुंब आरोग्य पाहणीत १९ टक्के कुटुंबे कोणतेच शौचालय वापरत नसल्याचे दिसले. शौचालये बांधली गेली हे खरे, लाखो घरांना त्याचा फायदा झाला हेही खरे. पण जाहीरनामा झाल्यावर उरलेल्या घरांचे नाव घेणारा अधिकारी कोण असणार? शंभर टक्क्यांचा फलक लागला की उरलेला माणूस कागदावरून नाहीसा होतो आणि त्याचे अनुदानही.

महाराष्ट्राने १९७७ साली रोजगार हमीचा कायदा केला तेव्हा जिल्ह्याचा क्रमांक विचारला नव्हता. वि. स. पागे यांच्या कल्पनेतून आलेल्या त्या कायद्यात मागणी करणारा माणूस होता आणि त्याला काम देण्याची सरकारची जबाबदारी होती. सेनगावच्या मजुराने वाशीमच्या मजुराशी स्पर्धा करावी अशी त्यात अपेक्षा नव्हती. निर्देशांक वापरायचे तर ते या पद्धतीने वापरले पाहिजेत: कमतरता दाखवण्यासाठी, आणि दिसलेली कमतरता भरून काढणे सरकारवर बंधनकारक करण्यासाठी. कोणत्या निकषावर निधी मिळणार, त्या निकषांचे वजन कोणी ठरवले, आकडे कोणत्या सालचे, हे विधिमंडळाच्या पटलावर आले पाहिजे. जागतिक क्रमवारीचे कारण देऊन कायदा बदलायचा असेल तर त्या क्रमवारीत आपल्यातले कोण मोजले गेले आणि कोण सुटले, याचा तपशील विधेयकासोबत जोडला पाहिजे. आणि गावाची माहिती वर पाठवण्याआधी ती ग्रामसभेत मराठीत वाचून दाखवली पाहिजे, म्हणजे ज्याच्या घरी शौचालय नाही तो उठून तसे सांगू शकेल.

हे काम आत्ताच होणे निकडीचे आहे. आज वापरात असलेल्या बहुतेक निर्देशांकांच्या मुळाशी २०११ ची जनगणना आहे, नाहीतर जिल्ह्यामागे काहीशे घरांची नमुना पाहणी, जी तालुक्याचे चित्र दाखवूच शकत नाही. नव्या जनगणनेसाठी केंद्राने १ मार्च २०२७ हा संदर्भ दिनांक जाहीर केला आहे. तिचे आकडे हाती आले की मागासपणाच्या नव्या याद्या बनतील, आणि त्या याद्या पुढची दहा-पंधरा वर्षे निधी ठरवतील. जिल्ह्याची एकच सरासरी धरली तर वसमतच्या कालव्यांचे पाणी पुन्हा एकदा सेनगाव आणि औंढ्याच्या कोरड्या शिवारावर कागदोपत्री फिरेल. मोजणीचे एकक तालुका असावे, सिंचनात धरणाची जागा न धरता प्रत्यक्ष भिजलेले क्षेत्र धरावे, आणि विकास मंडळाच्या पुनर्रचनेत हिंगोलीला स्वतंत्र प्रतिनिधित्व मिळावे, असे ठराव जिल्हा नियोजन समितीने, पाचही पंचायत समित्यांनी आणि जिल्ह्याच्या आमदार-खासदारांनी पक्ष बाजूला ठेवून आताच करून राज्यपालांकडे आणि निती आयोगाकडे पाठवायला हवेत.